नारळ कोणी नेले? ‘बाउंटी’ जहाजावरचं बंड आणि तुमच्या गोडाऊनमधला स्टॉक



स्टाफ सांभाळण्यावर व्हिडिओ केला की एक प्रश्न हमखास येतो. शब्द वेगवेगळे, दुखणं एकच. “सर, माल कमी भरतोय. कोणीतरी उचलतंय. सगळ्यांना एकदाच उभं करून विचारू का?”

विचारण्याआधी ही गोष्ट वाचा. व्हिडिओत ती पाच मिनिटांत उरकावी लागली, म्हणून इथे सविस्तर लिहितोय. एका माणसाने नेमकं हेच केलं होतं. सगळ्यांना डेकवर उभं केलं आणि विचारलं, माझे नारळ कोणी नेले? दुसऱ्या दिवशी सूर्य उगवला तेव्हा जहाज त्याच्या हातात नव्हतं.

दिवस होता २७ एप्रिल १७८९. जागा, पॅसिफिक महासागरातली टोंगा बेटं. जहाज ब्रिटिश नौदलाचं, नाव ‘बाउंटी’. कॅप्टन विल्यम ब्लाय. या बंडावर हॉलिवूडने तीन मोठे सिनेमे काढले. त्यातल्या काही सिनेमांतला ब्लाय म्हणजे चाबकाशिवाय न बोलणारा राक्षस, आणि बंडवाला फ्लेचर ख्रिश्चन म्हणजे देखणा हिरो. पडद्यावर हे छान चालतं. पण नोंदी वाचायला घेतल्या की दिसतो तो ब्लाय राक्षस वगैरे नाही. तो कष्टाळू आहे, हुशार आहे, पै-पैचा हिशोब ठेवणारा आहे आणि तोंडाने फटकळ आहे. खरं सांगू? तो आपल्या बॅचमध्ये बसणाऱ्या निम्म्या लोकांसारखा आहे. माझ्यासारखा तर आहेच.

आधी प्रोजेक्ट काय होता ते बघू.

वेस्ट इंडीजमधल्या इंग्रज मळेवाल्यांना त्यांच्या गुलामांसाठी स्वस्त अन्न हवं होतं. अमेरिकन वसाहती स्वतंत्र झाल्या आणि तिकडून येणाऱ्या धान्याचा मार्ग अडला. तेव्हा जोसेफ बँक्स या वजनदार वनस्पतीतज्ज्ञाने कल्पना उचलून धरली की ताहिती बेटावरून ब्रेडफ्रूटची रोपं आणून तिकडे लावायची. ब्रेडफ्रूट म्हणजे आपला नीरफणस. कोकण-गोव्याकडच्या वाचकांना सांगायला नको, काप तळून खाल्लेच असतील. म्हणजे बघा, माणसांना गुलाम ठेवायचं आणि त्यांच्या जेवणाचाही खर्च वाचवायचा, असा हा प्रोजेक्ट. मुळातच घाण. ते बाजूला ठेवून पुढे जाता येत नाही, म्हणून आधीच सांगून टाकलं.

नौदलाने १,९५० पौंडांना एक कोळसा वाहणारं छोटं जहाज विकत घेतलं. लांबी साधारण ९१ फूट. त्यात रोपांसाठी बदल केले. कॅप्टनची मोठी केबिन काढून तिथे नर्सरी केली, सहाशेहून जास्त कुंड्या बसतील अशी. जमिनीवर शिशाचे पत्रे ठोकले, म्हणजे झाडांना घातलेलं जास्तीचं पाणी वाया न जाता पुन्हा वापरता यावं. डोकं चांगलं चालवलं होतं. फक्त उरलेल्या जागेत ४६ माणसांनी वर्ष-दोन वर्षं कसं राहायचं, हा विचार शेवटी केला. असं युनिट तुम्ही पाहिलं असेल. रॅक नवे कोरे, आणि पोरं जिन्यात बसून डबा खातायत.

आता ब्लायची बाजू. वय ३३. कॅप्टन कुकच्या शेवटच्या सफरीत नौकानयनाची जबाबदारी सांभाळलेला माणूस, समुद्राची जाण अव्वल. व्यापारी जहाजांवर वर्षाला ५०० पौंड कमवत होता. नौदलात परत आल्यावर पगार झाला ७० पौंडांच्या आसपास. वर बढती नाही, लेफ्टनंटच ठेवला. ‘कॅप्टन’ ही फक्त मानाची हाक. जहाजावर दुसरा कमिशन मिळालेला अधिकारी नाही, बंदोबस्ताला सैनिक नाहीत.

आणि सगळ्यात महत्त्वाचं. ब्लाय स्वतःच जहाजाचा पर्सरही होता. पर्सर म्हणजे कोठार सांभाळणारा. नौदलातली ही जागा मजेशीर होती. पर्सर हा थोडा नोकर आणि थोडा दुकानदार. शिध्यात बचत झाली तर त्याचा फायदा, कमी भरलं तर भरपाई त्याच्या गळ्यात. मोठ्या जहाजावर हा माणूस वेगळा असायचा. खलाशी त्याला शिव्या घालायचे आणि कॅप्टनकडे दाद मागायचे. ‘बाउंटी’वर दाद मागायची कोणाकडे? भाकरी तोलणारा तोच, आणि न्याय करणारा तोच. शिवाय त्याचा पगार घटलेला, हे सगळ्यांना माहीत.

२३ डिसेंबर १७८७ ला जहाज इंग्लंडहून निघालं. महिनाभरही झाला नसेल, पहिली ठिणगी पडली. जेम्स मॉरिसन नावाच्या कर्मचाऱ्याने नंतर लिहिलंय की एक पिंप उघडलं तर चीजचे दोन गोळे कमी. ब्लाय म्हणाला, चोरी झाली. पिंपं सांभाळणाऱ्याने सगळ्यांसमोर सांगितलं की साहेब, हे पिंप इंग्लंडमध्येच उघडलं होतं आणि चीज तुमच्या घरी पोचवलं होतं. ब्लायने त्याला फटके मारण्याची धमकी दिली आणि भरपाई होईपर्यंत सगळ्यांचं चीज बंद केलं. मॉरिसन पुढे बंडाच्या खटल्यात आरोपी होता, त्यामुळे त्याचं सगळंच मीठ-मसाल्यासकट गिळू नका. पण चीज खरंच कुठे गेलं यापेक्षा लोकांनी काय धरलं मनात, ते बघा. मालक आपल्यावर आळ घेतो, आणि मालकाची वही आपल्याला दिसत नाही. एवढं पुरतं.

गंमत म्हणजे याच ब्लायने माणसांची काळजी घेण्यात कसर सोडली नव्हती. त्या काळी खलाशांच्या दोन पाळ्या असत, चार तास काम, चार तास झोप. ब्लायने तीन पाळ्या केल्या, म्हणजे माणसाला सलग झोप मिळावी. ओल्या कपड्यांनी आजार होतो म्हणून शेगड्या पेटवून कपडे वाळवायला लावले. रोज व्यायाम म्हणून नाच, आणि त्यासाठी मायकेल बर्न हा जवळजवळ आंधळा सारंगीवाला मुद्दाम नोकरीला घेतला. केप हॉर्नजवळ महिनाभर वादळाशी झुंज दिली, तेव्हा ज्यांच्या झोपायच्या जागा भिजल्या होत्या त्यांना स्वतःची जागा दिली. वादळ ऐकेना म्हणून तोंड फिरवलं आणि आफ्रिकेकडून लांबचा वळसा घेतला. त्या काळच्या कॅप्टन लोकांच्या मानाने फटक्यांची शिक्षाही त्याने कमीच दिली.

मग बिनसलं कुठे? जिभेवर. ब्लाय रागावला की समोरच्याच्या इज्जतीचं भान ठेवत नसे, आणि तास-दोन तासांनी स्वतः सगळं विसरून जाई. ‘माझ्या मनात काही नसतं हो, तोंडावर बोलून मोकळा होतो.’ हे वाक्य आपल्याकडे किती मालक अभिमानाने सांगतात! तुमच्या मनात नसेल. ऐकणाऱ्याच्या मनात राहतं.

जहाजाचा मास्टर जॉन फ्रायर. त्याने एकदा हिशोबाच्या वहीवर सही करायलाच नकार दिला. आधी माझं वर्तन चांगलं आहे असं लिहून द्या, मग सही. ब्लायने सगळ्या खलाशांना गोळा करून नियम वाचून दाखवले, तेव्हा कुठे फ्रायरने सही केली. अकाउंटंटने बॅलन्स शीटवर सही करायच्या आधी तुमच्याकडून कॅरेक्टर सर्टिफिकेट मागितलं, तर तुम्ही काय समजाल? सुतार विल्यम पर्सेलशी तर कायमचीच जुंपलेली.

मर्जीतला एकच, फ्लेचर ख्रिश्चन. वय चोवीसच्या आसपास, चांगल्या घरातला. आधी दोन सफरी ब्लायबरोबर केलेल्या. ब्लायने त्याला काम शिकवलं, घरी जेवायला नेलं, वाटेत फ्रायरला डावलून त्याला बढती दिली. तुमच्याकडेही असा एक असतो. पहिल्या दिवसापासूनचा, घरातल्यासारखा. आणि आपला राग सगळ्यात जास्त त्याच्यावरच निघतो, कारण तो कुठे जाणार आहे?

ऑक्टोबर १७८८ मध्ये ताहिती आलं. तिथे पाच महिने मुक्काम झाला. रोपं तयार व्हायला वेळ लागणारच होता. या पाच महिन्यांवर सिनेमात अर्धा तास जातो, मी एका परिच्छेदात आटोपतो. खाणंपिणं भरपूर, काम कमी, कित्येकांचे तिथल्या स्त्रियांशी संबंध जुळले, शिस्त सैल झाली. तिघं पळून गेले, पकडून आणून त्यांना फटके दिले. कोठारातली राखीव शिडं बघायला काढली तर कुजलेली. ब्लायने पुढे बंडाचं सगळं कारण या ताहितीच्या सुखावर ढकललं. त्यात तथ्य नाही असं नाही. पण ताहितीहून निघाल्यावर तीन आठवडे जहाज शांत चाललं होतं, हेही खरं.

एप्रिलच्या सुरुवातीला १,०१५ रोपं घेऊन जहाज निघालं. टोंगातल्या नोमुका बेटावर पाणी भरायला ख्रिश्चनला पाठवलं. तिथल्या लोकांनी त्रास दिला, सामान गेलं, आणि परत आल्यावर ब्लायने त्याला सगळ्यांसमोर भित्रा म्हटलं. हत्यारं वापरायची नाहीत हा हुकूम त्याचाच होता.

तिथेच नारळांची खरेदी झाली. भाव एका खिळ्याला वीस नारळ, असं नोंदलेलं आहे. म्हणजे ढीगच्या ढीग चार-दोन मूठ खिळ्यांत आला. ब्लायने आपला खासगी ढीग डेकवर दोन तोफांच्या मध्ये रचून ठेवला.

२७ तारखेला तो फेरी मारायला आला. ढीग बघितला. काल होता तेवढा नाही.

एकेकाला बोलावलं. तू किती नारळ घेतले होतेस? त्यातले किती खाल्ले? किती उरले? ख्रिश्चनची पाळी आली. तो म्हणाला, तुम्ही मला इतका हलका समजत नसाल अशी आशा आहे. एक नारळ तहान लागली म्हणून घेतला, असं त्याने कबूल केल्याचंही सांगतात. ब्लाय त्याला चोर म्हणाला. मग सगळ्याच अधिकाऱ्यांना चोर म्हणाला. सगळ्यांची रम बंद, कोनफळासारखे जे कंद मिळायचे ते निम्मे.

संध्याकाळपर्यंत राग गेला. ब्लायने ख्रिश्चनला रात्री जेवायला बोलावणं पाठवलं, जणू काही झालंच नाही. ख्रिश्चनने निरोप पाठवला, बरं वाटत नाही.

त्या रात्री ख्रिश्चनचा पहिला विचार बंडाचा नव्हताच. फळ्या बांधून तराफा करायचा आणि एकट्याने निघून जायचं, असं त्याच्या डोक्यात होतं. शार्क फिरत असलेल्या समुद्रात तराफा! म्हणजे माणूस राजीनामा द्यायला जागा शोधत होता. मग कोणीतरी त्याला सुचवलं म्हणतात की लोक कशालाही तयार आहेत. पहाटे चारला त्याची पाळी सुरू झाली. शार्क मारायला बंदूक हवी अशी थाप मारून हत्यारांच्या पेटीची किल्ली मिळवली. ब्लाय दार उघडं ठेवून झोपायचा. त्याला रात्रीच्या सदऱ्यातच हात बांधून डेकवर आणलं. त्याने ख्रिश्चनला आपल्या बायको-मुलांची आठवण करून दिली. ख्रिश्चन फक्त एवढंच म्हणत राहिला की गेले कित्येक दिवस मी नरकात आहे.

आधी एक लहान होडी काढली होती, ब्लाय आणि त्याचे दोन-चार लोक मावतील एवढी. पण जायला तयार असलेल्यांची रांग वाढतच गेली. बंडवाल्यांना मोठी होडी काढावी लागली, ती २३ फुटी. त्यात ब्लाय धरून १९ जण बसले. जागा संपली म्हणून काही निष्ठावान मागे राहिले, काहींना कारागीर म्हणून जबरदस्तीने ठेवून घेतलं. होडी इतकी भरली की काठ पाण्याच्या वर जेमतेम वीतभर.

ज्या सुताराशी सतत भांडण, तो पर्सेल ब्लायबरोबर होडीत आला. सहीसाठी अडून बसलेला फ्रायरसुद्धा. म्हणजे लोकांना माणूस नकोसा झाला होता, तरी कायदा आणि घर सोडायचं नव्हतं. तुमच्याकडे टिकलेला प्रत्येक जण खूश आहे म्हणून टिकलाय, असं समजू नका.

इथे माझं स्वतःचं सांगतो. व्हिडिओत सांगवलं नाही.

माझं पहिलं युनिट मसाल्याचं होतं. सीझन मार्च ते मे. एका वर्षी एप्रिलमध्ये सुकं खोबरं कमी भरायला लागलं. मी रात्री बसून मोजायचो, पोती हलवायचो, बायकोला म्हणायचो, कोणीतरी पिशवीतून नेतंय. एक दिवस डोकं फिरलं. भाजणीवरच्या सगळ्या बायकांना ओळीने उभं केलं आणि सुरुवात केली ती सगळ्यात जुन्या मावशींपासून. त्यांनी मला मिरची ओळखायला शिकवलं होतं. मी विचारलं, “मावशी, तुम्ही किती नेलं?” किती! नेलं का, असंही नाही.

त्या काही बोलल्या नाहीत. संध्याकाळी पदराने हात पुसले, डबा उचलला आणि गेल्या. दुसऱ्या दिवशी त्यांच्यासकट पाच जणी आल्या नाहीत. ऑर्डरी पडून. दहा-बारा दिवसांनी नवीन माल आला, तेव्हा पहिल्यांदा मी पोतं उतरतानाच काट्यावर टाकलं. पन्नास किलोच्या पोत्यात सत्तेचाळीस. पुढचं पोतं, साडेसत्तेचाळीस. चोरी माझ्या दारात यायच्या आधीच झालेली होती.

मावशींच्या घरी गेलो. चहा दिला त्यांनी, साखर जास्त घालून, मला लागते तशी. म्हणाल्या, “दादा, राग नाही. पण आता तिथे बसले की माझं लक्ष माझ्या पिशवीकडेच राहील.” आल्या नाहीत परत. असो. ब्लायकडे जाऊ.

होडीत काय होतं? १५० पौंड बिस्किटासारखा सुका पाव, २८ गॅलन पाणी, थोडं खारवलेलं डुकराचं मांस, थोडी रम आणि वाइन. होकायंत्र होतं, नकाशा नव्हता, बंदूक नव्हती. जवळच्या तोफुआ बेटावर अन्न शोधायला उतरले तर तिथल्या लोकांनी हल्ला केला. जॉन नॉर्टन दोर सोडवायला धावला आणि दगडांनी मारला गेला. उरले १८. ब्लायने ठरवलं, आता वाटेत कुठेही भरवसा नाही, थेट तिमोर गाठायचं. तिथे डच लोकांचं कुपांग बंदर होतं. अंतर ३,६०० सागरी मैलांहून जास्त, म्हणजे साडेसहा हजार किलोमीटरच्या वर.

आणि इथे तोच माणूस, तोच मोजण्याचा सोस, पण बघा काय झालं ते.

पहिलं, त्याने सगळ्यांसमोर हिशोब मांडला. एवढा पाव, एवढं पाणी, इतके दिवस. रोज किती घेतलं तर पुरेल? सगळ्यांनी मिळून ठरवलं, आणि काही झालं तरी ते मोडायचं नाही असं वचन त्याने प्रत्येकाकडून घेतलं. पाव सुताराच्या पेटीत ठेवला, कारण ती कोरडी राहायची आणि तिला झाकण होतं.

दुसरं, तराजू. नारळाच्या दोन करवंट्या घेतल्या आणि त्यांची पारडी केली. हो, नारळाच्याच! होडीत पिस्तुलाच्या काही गोळ्या सापडल्या, त्यातली एक वजन म्हणून ठरवली. एका गोळीच्या भाराचा पाव, म्हणजे सुमारे १८ ग्रॅम. पारले-जीच्या तीन-चार बिस्किटांएवढं. सोबत पाव पिंट पाणी, म्हणजे आपला अर्धा-पाऊण पेला. दिवसातून दोनदा किंवा तीनदा, साठा बघून. वादळात दिवसरात्र पाणी उपसणाऱ्या माणसाला एवढंच. पण जे ब्लायच्या हातावर पडायचं तेच त्याच करवंटीतून फ्रायरच्या आणि पोऱ्याच्याही हातावर. अठरा जोड्या डोळे त्या काट्याकडे बघत असायचे.

तिसरं मला सगळ्यात आवडतं. पंचवीसेक दिवसांनी एक समुद्रपक्षी हाताने पकडला, कबुतराएवढा. त्याचे अठरा भाग करायचे. कोणाला मांडी, कोणाला नुसती चोच? त्यासाठी खलाशांची एक जुनी रीत होती. एकाने पाठ फिरवून उभं राहायचं. दुसऱ्याने एका तुकड्यावर बोट ठेवून विचारायचं, हा कोणाला? पाठमोऱ्याने कुठलंही एक नाव घ्यायचं. कॅप्टनलाही जे येईल ते. नशीब वाईट निघालं तर नशिबाला शिव्या घाला, वाटणाऱ्याला घालायची सोय नाही.

आणि आता चौथं. मे महिन्याच्या शेवटी ऑस्ट्रेलियाच्या किनाऱ्याजवळच्या एका बेटावर ते थांबले. कालवं खाल्ली, जरा जीव आला. तिथे ब्लायच्या लक्षात आलं की जपून ठेवलेल्या मांसातलं काही गायब आहे. म्हणजे या वेळी खरोखर चोरी झालेली, आणि ती डेकवरच्या नारळांची नाही, अठरा जणांच्या जिवाची. त्याने विचारलं. प्रत्येकाने शपथेवर नाकारलं.

त्याने काय केलं असेल? उरलेलं सगळं मांस त्याच दुपारी सगळ्यांना समान वाटून टाकलं. चोरायला काही ठेवलंच नाही. चौकशी नाही, उलटतपासणी नाही, कोणाचं पाणी बंद नाही. महिन्याभरापूर्वी वीस नारळ एका खिळ्याला मिळत होते तेव्हा याच माणसाने काय केलं होतं, ते वर पुन्हा एकदा वाचा.

तो काही संत झाला नव्हता. पुढे दुसऱ्या बेटावर पर्सेल उलट बोलला, तर ब्लायने तलवार उचलून त्याला आव्हान दिलं. पण होडीतल्या शिध्यावरून कोणी त्याच्या अंगावर गेलं नाही.

१४ जून १७८९ ला होडी कुपांगला लागली. बंडानंतर ४७ दिवस. तोफुआ सोडल्यापासून एकही माणूस मेला नव्हता. माणसं हाडांचे सापळे झाली होती, चालता येत नव्हतं. आणि त्याच मापाने आणखी अकरा दिवस पुरेल एवढा पाव पेटीत शिल्लक होता.

आता तुमच्या प्रश्नावर येतो. माल कमी भरतोय, उभं करून विचारू का? नका विचारू. आधी माल तुमच्या दारात उतरतो तिथे काटा ठेवा, आणि मोजायला त्यालाच उभं करा ज्याच्यावर संशय आहे. आकडा भिंतीवरच्या फळ्यावर लिहा, तुमच्या खिशातल्या डायरीत नको. तुम्ही स्वतः घरी नेलेलं पाकीट, पाहुण्याला दिलेला डबा, सॅम्पल म्हणून वाटलेलं, सगळं त्याच फळ्यावर चढू द्या. हे शेवटचं सगळ्यात जड जातं, मला माहीत आहे. मी सुरू केलं तेव्हा पहिल्या महिन्यात कळलं की युनिटमधून सगळ्यात जास्त मसाला बाहेर नेणारा माणूस मीच होतो. मेहुणा, साडू, सोसायटीचा सेक्रेटरी, कोणालाच नाही म्हटलं नव्हतं. तुटीची जागा ठरवून ठेवा. भाजताना किती घटतं, सांडतं किती, हे एकदा सगळ्यांसमोर काढा. त्याच्यापलीकडे काही कमी भरलं तर मग बोला, पण एकट्याला बाजूला घेऊन आणि काट्यावरचा आकडा हातात ठेवून. आणि जी वस्तू फार हातात येते, तिचा मोठा साठा उघड्यावर ठेवूच नका. दोन तोफांच्या मध्ये तर अजिबात नको.

बंडवाल्यांचं पुढे काय झालं, हे पण विचाराल. त्यांनी ती रोपं समुद्रात फेकली. ख्रिश्चन आणि आठ साथीदार काही ताहितीयन स्त्री-पुरुषांना घेऊन पिटकेर्न नावाच्या एकाकी बेटावर गेले आणि जानेवारी १७९० मध्ये जहाज जाळून टाकलं. तिथे जमीन आणि बायका यांच्या वाटणीवरून खून पडले, ख्रिश्चनही त्यात गेला. १८०८ मध्ये एक अमेरिकन जहाज चुकून तिथे पोचलं, तेव्हा बंडवाल्यांपैकी एकच पुरुष जिवंत होता. बाकी बायका आणि मुलं. जे ताहितीवर राहिले होते त्यांना नौदलाने पकडलं. नेताना ते जहाज फुटून काही जण बुडाले, उरलेल्या दहा जणांवर खटला झाला आणि तिघांना फाशी.

ब्लाय पुन्हा ताहितीला गेला, दुसरं जहाज आणि बरोबर सैनिक घेऊन, आणि १७९३ मध्ये नीरफणसाची रोपं वेस्ट इंडीजला पोचवली. ज्यांच्यासाठी एवढा खटाटोप केला त्यांनी सुरुवातीला ते फळ खायलाच नकार दिला. पुढे ब्लायला ऑस्ट्रेलियात न्यू साउथ वेल्सचा गव्हर्नर केलं. २६ जानेवारी १८०८ ला तिथल्या सैन्यानेच त्याला पदावरून उतरवलं. जमिनीवर आल्यावर जीभ पुन्हा जागेवर आली होती बहुधा.

होडीतल्या १९ जणांपैकी १२ इंग्लंडला परतले. कुपांग आणि बटाव्हियाच्या तापाने काहींना नेलं. ब्लायने मात्र एक करवंटी आणि ती गोळी जन्मभर जपली. आज दोन्ही लंडनमधल्या ग्रीनिचच्या नौकानयन संग्रहालयात आहेत. करवंटीवर त्याचं नाव कोरलेलं आहे आणि तारीख आहे एप्रिल १७८९, म्हणजे ज्या महिन्यात नारळ मोजले होते तोच.